हेलेना, सोनिया आणि आवली

चाकणच्या तळेगाव चौकात संध्याकाळी कंपन्यांच्या बसगाड्या अडकून पडल्या, की त्यांच्या काचांवरची नावं वाचायला निवांत वेळ मिळतो. त्यातली बरीच नावं जर्मन असतात. निघोज्याजवळचा फोक्सवॅगनचा कारखाना २००९ मध्ये सुरू झाला. मर्सिडीज-बेंझनंही त्याच वर्षी चाकणला स्वतःचं आवार उघडलं. त्याआधी १९९५ पासून त्यांच्या गाड्या पिंपरीत टेल्कोच्या आवारात जोडल्या जात. केएसबीचे पंप तर पिंपरीत १९६० पासून आहेत. या पट्ट्यातल्या माणसाला जर्मनी कळते ती ड्रॉइंगवरच्या टॉलरन्समधून आणि ऑडिट जवळ आलं की सुपरवायझरच्या बदलणाऱ्या आवाजातून. जर्मन माणूस त्याला क्वचित भेटतो. भेटलाच तर शॉपफ्लोअरवर सेफ्टी शूज घालून घाईनं जाणारा, सोबत दोन मॅनेजर असलेला.

असं असताना एक जर्मन बाई मात्र मोशी, भोसरी, खराबवाडी, चिखलीच्या घराघरांत रात्रीच्या जेवणाच्या वेळी येत होती. साल २०१५. कलर्स वाहिनीवर ‘चक्रवर्तीन अशोक सम्राट’ सुरू झाली होती. सेकंड शिफ्टची माणसं कामावर, फर्स्ट शिफ्टची घरी, आणि पडद्यावर मगधाच्या राजवाड्यात सोनेरी केसांची एक राणी शुद्ध हिंदीत कट रचत बसलेली. ती राणी हेलेना, सेल्युकसची मुलगी. तिची भूमिका करणाऱ्या अभिनेत्रीचं नाव सुझान बर्नर्ट. डेटमोल्ड या जर्मन गावात जन्मलेल्या आणि मुंबईत संसार थाटलेल्या या बाई जर्मन आहेत, हे ती मालिका रोज बघणाऱ्या कितीतरी घरांना ठाऊकही नसेल. ज्यांची यंत्रं आपण चालवतो त्यांच्यातलीच एक बाई आपल्या घरात ग्रीक म्हणून येते आणि आपल्याला ती खरी वाटते, ही मला फार मोठी कामगिरी वाटते. दुय्यम भूमिका करणाऱ्या माणसाच्या कामगिरीबद्दल आपण फार कमी बोलतो, म्हणून हा लेख.

त्या मालिकेत आपली माणसं पुष्कळ होती. बिंदुसाराच्या भूमिकेत समीर धर्माधिकारी, अशोकाची आई धर्मा म्हणून पल्लवी सुभाष, चाणक्य मनोज जोशी. छोट्या अशोकाचं काम सिद्धार्थ निगमनं केलं. या सगळ्यांना ती भाषा निदान कानाला सवयीची होती. ऐतिहासिक मालिकांची हिंदी ही रस्त्यावरची हिंदी नसते. ‘षड्यंत्र’, ‘उत्तराधिकारी’, ‘राजद्रोह’ असे शब्द तिथं एका दमात म्हणावे लागतात, तेही मुकुट, दागिने आणि दिव्यांच्या उष्णतेत. जर्मन जिभेला यात नेमकी अडचण कुठं येते, हे पुण्यात मॅक्सम्युलर भवनात किंवा रानडे इन्स्टिट्यूटमध्ये जर्मन शिकलेल्या कुणालाही विचारावं. त्यांना उलट बाजूनं तोच घाट चढावा लागलेला असतो. जर्मन माणूस शब्दाच्या सुरुवातीचा ‘क’ थोडा ‘ख’कडे झुकवून म्हणतो, शब्दाच्या शेवटी आलेला ‘ग’ त्याच्या तोंडून ‘क’ होऊन बाहेर पडतो, ‘र’ घशातून येतो. आपले घ, ध, भ त्याच्या भाषेत नाहीत. त आणि ट यांतला फरक त्याच्या कानाला सुरुवातीला ऐकूच येत नाही. ‘मगध’ हा एक शब्द घ्या. कथेतल्या राणीनं तो अभिमानानं आणि हावेनं म्हणायचा, आणि अभिनेत्रीनं त्यातला ‘ग’ आणि ‘ध’ दोन्ही सांभाळायचे.

हेलेनाची गोष्टही मजेशीर आहे. चंद्रगुप्त मौर्य आणि सेल्युकस यांच्यात तह झाला, विवाहसंबंध ठरले आणि सेल्युकसला पाचशे हत्ती मिळाले, एवढं ग्रीक लेखकांनी नोंदवून ठेवलंय. कोणत्या मुलीचं लग्न झालं, तिचं नाव काय, ती मगधात आली का, आली तर तिथं कशी राहिली, याबद्दल ते गप्प आहेत. हेलेना हे नाव पुढच्या लोकांनी दिलं. म्हणजे या भूमिकेला इतिहासाचा आधार जेमतेम एका ओळीचा. बाकी सगळं लेखकांच्या खोलीत जन्मलं आणि अभिनेत्रीच्या अंगावर आलं. परक्या देशातून सून म्हणून आलेली, राजमाता झालेली आणि तरीही दरबारात कायम ‘यवन’च राहिलेली बाई. खलनायिका म्हणून ती लिहिली गेली, पण तिची असुरक्षितता खरी वाटायची, कारण आपण इथले नाही ही जाणीव त्या चेहऱ्यावर आणावी लागत नव्हती. चेहराच तसा होता. त्या चेहऱ्यातून अभिनय काढायचा होता तो अधिकाराचा, आपण इथल्याच आहोत या हट्टाचा. सुझान बर्नर्ट यांनी तो हट्ट आवाजात ठेवला. तिथं त्यांचं शिक्षण दिसतं.

हे शिक्षण बर्लिनमधलं. नाट्यप्रशिक्षण घेतलेली, बॅले शिकलेली ही मुलगी विशीच्या सुरुवातीला हिंदुस्थानात आली आणि इथं राहिली. हिंदी शिकली, मराठी शिकली, बंगाली शिकली. लावणीसुद्धा शिकली. लावणी शिकताना बॅलेचं शरीर काय करत असेल, याचा विचार करून पाहा. बॅले माणसाला जमिनीपासून वर उचलते, टाचा वर, मान ताठ, वजन हवेत. लावणीत वजन खाली, गुडघ्यात. घुंगरू वाजायचे तर तळवा जमिनीवर सपाट पडला पाहिजे. वर्षानुवर्षं कमावलेलं शरीर मोडून पुन्हा घडवल्याशिवाय हे होत नाही. हौसेखातर एवढी मेहनत कुणी करत नाही. जिथं काम करायचं तिथली चाल अंगात भिनवायची, असं ठरवलेल्या कलावंताचं ते काम आहे.

तरीही या देशात परदेशी अभिनेत्रीसाठी भूमिका कोणत्या, हा प्रश्न उरतोच. कित्येक दशकं हिंदी सिनेमात गोऱ्या चेहऱ्याला दोन-तीन कामं ठरलेली होती. इंग्रज अधिकारी किंवा त्याची मेमसाहेब. तस्करांच्या अड्ड्यावर नाचणारी. परदेशात शिकायला गेलेल्या नायकाची, मध्यंतराआधीच मागं पडणारी मैत्रीण. गर्दीसाठी तर कुलाब्यातून पर्यटक गोळा करून नेण्याची पद्धत. सकाळी बसमध्ये बसवायचे, दिवसभर लग्नाच्या किंवा क्लबच्या प्रसंगात उभे करायचे, संध्याकाळी पैसे देऊन परत सोडायचे. त्या गर्दीतून बाहेर येऊन नावानिशी भूमिका मिळवणं हे पहिलं अंतर. ती भूमिका दुसऱ्याच्या आवाजात डब न होता स्वतःच्या आवाजात करणं हे दुसरं. बहुतेक जणी पहिल्या अंतरातच दमतात.

जर्मनीशी नातं असलेल्या इतर अभिनेत्रीही याच काळात इथं आल्या. एव्हलिन शर्मा फ्रँकफर्टच्या, वडील पंजाबी, आई जर्मन. २०१३ च्या ‘ये जवानी है दीवानी’मधली त्यांची लारा लोकांच्या लक्षात आहे. क्लॉडिया सिएस्ला जर्मनीत वाढल्या, २००९ मध्ये ‘बिग बॉस’च्या घरात आल्या आणि नंतर गाण्यांमधून दिसल्या. त्यांच्या वाटा वेगळ्या. त्यात ग्लॅमरला मागणी होती आणि ती त्यांनी पुरवली. त्याला कमी लेखायचं कारण नाही. पण सुझान बर्नर्ट यांनी धरलेली वाट ही ज्याला आपल्याकडं ‘कॅरेक्टर आर्टिस्ट’ म्हणतात त्याची वाट होती. मालिकांमध्ये काही भागांपुरतं काम, मग दुसरी मालिका, मधे एखादा चित्रपट. ‘रामधनु’ या २०१४ च्या बंगाली चित्रपटातही त्या आहेत. एका भाषेत काम संपलं की दुसऱ्या भाषेचं दार ठोठवायचं. नायिकेला एवढी वणवण करावी लागत नाही, कारण नायिकेसाठी गोष्टच तिच्या दारापाशी येते.

त्यांच्या कामातली सगळ्यात अवघड परीक्षा मला हेलेना वाटत नाही. ती आहे सोनिया गांधी. ही भूमिका त्यांच्याकडं पुन्हा पुन्हा आली. एबीपी न्यूजच्या ‘७ आरसीआर’ या मालिकेत त्यांनी ती केली. मग ११ जानेवारी २०१९ ला प्रदर्शित झालेल्या ‘द अ‍ॅक्सिडेंटल प्राइम मिनिस्टर’मध्ये केली. संजय बारू यांच्या पुस्तकावरचा हा चित्रपट. मनमोहन सिंगांच्या भूमिकेत अनुपम खेर, बारूंच्या भूमिकेत अक्षय खन्ना, आणि दिग्दर्शक विजय रत्नाकर गुट्टे हा आपला मराठी माणूस. पुढं २०२४ च्या ‘यात्रा २’ या तेलुगू चित्रपटातही त्याच व्यक्तिमत्त्वाची भूमिका त्यांच्याकडं आली.

निवडणुकीच्या वर्षात आलेल्या त्या हिंदी चित्रपटावर राजकीय वाद झाले आणि ते साहजिकही होतं. त्या वादाच्या धुरळ्यात अभिनयाकडं कुणाचं लक्ष गेलं नाही, याचं मला वाईट वाटतं. चित्रपटाचा रोख कुणाला पटो न पटो, त्या बाईंनी काय केलं होतं ते बघायला हवं. एक जर्मन अभिनेत्री, इटलीत जन्मलेल्या एका बाईची, तिनं वयाच्या विशीनंतर शिकलेली हिंदी बोलून दाखवते. स्वतःच्या जर्मन वळणाची हिंदी चालणार नाही. स्वतःला आता उत्तम येते ती स्वच्छ हिंदीही चालणार नाही. तिला बोलायची आहे इटालियन वळणाची हिंदी. जर्मन माणूस शब्दाचा शेवट कडक तोडतो; इटालियन माणसाला व्यंजनावर शब्द थांबवणं अवघड जातं, तो शेवटी स्वराची सावली सोडतो. जर्मन ‘र’ घशात, इटालियन ‘र’ जिभेच्या टोकावर नाचणारा. जर्मन त, क मध्ये हवेचा झोत असतो, इटालियनमध्ये तो नसतो. म्हणजे मातृभाषेनं दिलेलं सगळं पुसायचं, मेहनतीनं मिळवलेलं निम्मं झाकायचं, आणि तिसऱ्याच देशातून आलेल्या बाईच्या चुका नेमक्या जागी करायच्या. त्यातही नक्कल झाली की संपलं, कारण मिमिक्री प्रेक्षकाला लगेच ओळखू येते आणि मग तो हसतो. या बाईंनी आवाज आवरून ठेवला. सुती साडी, मागं घेतलेले केस, मोजकं बोलणं. खोलीत त्या शिरल्या की बाकीच्यांच्या बसण्यात फरक पडतो, आणि तो फरक बघून आपल्याला सत्ता कुठं आहे ते कळतं. सहायक भूमिकेचं कसब हेच. ती समोरच्याच्या वागण्यात दिसते. खेरांचे मनमोहन सिंग अवघडलेले दिसतात ते समोर ही बाई तशी उभी राहते म्हणून.

पुरस्कारांच्या यादीत हे काम शोधायला जाऊ नका. पुरस्कारांच्या यादीत येणाऱ्या सहायक अभिनेत्री सहसा नायिकेची बहीण, नायकाची आई अशा जवळच्या नात्यातल्या असतात. परक्या बाईच्या भूमिकेसाठी आपल्याकडं रकाना नाही.

या धंद्याचं रोजचं गणित वाचकांपुढं ठेवायला हवं, कारण आपल्या पट्ट्यातल्या वाचकाला ते चटकन कळेल. मालिकेतल्या सहायक कलाकाराला पैसे दिवसावर मिळतात. शिफ्ट बारा तासांची, पण मेकअप, केस, वेशभूषा आणि मुंबईतला प्रवास त्यात धरला तर दिवस त्याहून मोठा. महिन्यात किती दिवस बोलावणं येईल हे गोष्ट कुठं वळते त्यावर. टीआरपी घसरला, लेखकांनी वळण बदललं, की आज राजमाता असलेलं पात्र पुढच्या आठवड्यात मरतं. केलेल्या कामाचे पैसे नव्वद दिवसांनी, ही हिंदी मालिकांच्या धंद्यातली जुनी प्रथा. कलाकारांची संघटना ‘सिंटा’ तिच्याविरुद्ध वर्षानुवर्षं भांडत आली आहे. चाकणच्या कंत्राटी कामगाराला निदान महिन्याच्या ठरलेल्या तारखेपर्यंत पगार मागायचा कायदेशीर हक्क आहे. पडद्यावर सोन्याच्या सिंहासनावर बसलेल्या बाईला तीन महिने थांबावं लागतं.

सुझान यांनी लग्न केलं तेही अशाच एका सहायक अभिनेत्याशी. अखिल मिश्रा. नाव सांगून डोळ्यांपुढं येणार नाही, पण ‘थ्री इडियट्स’मधले ग्रंथपाल दुबे म्हटलं की लगेच येतील. चतुरच्या भाषणाचं ते अवघड हिंदी ज्यांच्याकडून लिहून घेतलं जातं, तेच हे दुबेजी. २००९ मध्ये दोघांचं लग्न झालं, आणि २०११ मध्ये पुन्हा रीतसर विधींनी. दोन सहायक कलाकारांचं घर म्हणजे दोन कॅलेंडरं. एकाचं शूटिंग संपतं तेव्हा दुसऱ्याचं सुरू होतं. सप्टेंबर २०२३ मध्ये अखिल मिश्रा घरात पडले आणि गेले. त्या वेळी सुझान शूटिंगसाठी हैदराबादला होत्या. कामाच्या गावी असताना घरची बातमी येणं म्हणजे काय, हे या पट्ट्यात मराठवाड्यातून, विदर्भातून, बिहार-उत्तर प्रदेशातून येऊन खोली करून राहणाऱ्या हजारो माणसांना वेगळं सांगायला नको. त्यानंतरही त्यांनी काम थांबवलं नाही.

जर्मन माणसं आपल्या सिनेमात याआधीही होती, पण कॅमेऱ्याच्या मागं. १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली ती हिमांशू रॉय आणि देविका राणी यांच्या धडपडीतून, आणि तिचा तांत्रिक कणा जर्मन होता. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, छायालेखक योझेफ विर्शिंग. ‘अछूत कन्या’ हा १९३६ चा चित्रपट ऑस्टेन यांनी दिग्दर्शित केला. अशोककुमार आणि देविका राणी झाडाखाली, रेल्वे फाटकावर दिसतात ते विर्शिंग यांच्या प्रकाशात. १९३९ मध्ये महायुद्ध पेटलं आणि इंग्रज सरकारनं हिंदुस्थानातल्या जर्मनांना छावण्यांत टाकलं. त्यातल्या काही छावण्या आपल्याच मुलखात होत्या: देवळाली, सातारा, पुरंदर. पुरंदरच्या किल्ल्यावर जर्मन कुटुंबं स्थानबद्ध होती, हे आजही तिथं ट्रेकला जाणाऱ्या मुलांना ठाऊक नसतं. विर्शिंग सुटल्यावर इथंच राहिले. ‘महल’ त्यांनीच चित्रित केला आणि ‘पाकीझा’चं कामही सुरू केलं.

पुण्याच्या प्रभातचंही जर्मनीशी नातं होतं. ‘सैरंध्री’ रंगीत करायची म्हणून व्ही. शांताराम १९३३ मध्ये जर्मनीला गेले. रंग मनासारखे उतरले नाहीत, पण तिथं पाहिलेल्या प्रकाश-सावल्यांची छाप पुढच्याच वर्षीच्या ‘अमृतमंथन’मध्ये दिसते. धर्मगुरू झालेल्या चंद्रमोहनचा तो पडदाभर डोळा आठवा. आपण जर्मनीकडून भिंग घेतलं, प्रकाश घेतला. अभिनेत्री घेतली ती फार नंतर.

प्रभातचं नाव निघालं की मला या पट्ट्यातली दुसरी एक सहायक अभिनेत्री आठवते, आणि तिच्याविषयी लिहिल्याशिवाय मला पुढं जाता येत नाही. भामचंद्राच्या डोंगरावर उभं राहिलं, की एका बाजूला चाकण एमआयडीसीच्या निळ्या-पांढऱ्या शेड क्षितिजापर्यंत पसरलेल्या दिसतात. हा तुकोबांच्या एकांताचा डोंगर. भंडारा आणि भामचंद्र, दोन्हीकडं ते चिंतनाला बसत आणि देहूहून त्यांची बायको भाकरी घेऊन ऊन-काट्यातून त्यांना शोधत जायची. वाटेत तिच्या पायात काटा मोडला आणि विठ्ठलानं तो काढला, ही गोष्ट इथल्या गावांत प्रत्येकाला माहीत आहे. ती बायको जिजाई, आवली. पुण्याच्या गुळवे सावकारांची मुलगी, आणि मराठी माणसाच्या मनात तिचा चेहरा कायमचा ठरवला तो गौरी नावाच्या अभिनेत्रीनं.

१२ डिसेंबर १९३६. दामले आणि फत्तेलाल यांचा ‘संत तुकाराम’. विष्णुपंत पागनीस तुकाराम, भागवत सालोमालो, केशवराव भोळे यांचं संगीत, शिवराम वाशीकर यांचं लेखन. मुंबईच्या सेंट्रल सिनेमात तो सलग ५७ आठवडे चालला आणि १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. पागनीसांबद्दल खूप लिहिलं गेलंय आणि ते योग्यच आहे. पण हा चित्रपट पुन्हा पाहा आणि डोळे आवलीवर ठेवा. गौरीबाई प्रभातमध्ये झाडलोटीच्या कामावर आल्या आणि किरकोळ कामं करत करत कॅमेऱ्यापुढं उभ्या राहिल्या. नाटकाची तालीम नाही, शिकलेली नजाकत नाही. म्हणूनच शेण, म्हैस, चूल, पोर, सगळ्यांत त्यांचे हात खरे दिसतात. आजारी पोराला घेऊन ती देवळात शिरते आणि विठोबासमोर पायातली वहाण उचलते, तेव्हा त्या हातात कुठलाही आविर्भाव नसतो. चिडलेली आई असते. देव तिला नवऱ्याइतकाच जवळचा आहे, म्हणून ती त्याच्यावरही हात उगारू शकते.

पागनीसांचे तुकाराम हवेत तरंगतात आणि तेच त्यांचं सौंदर्य आहे. पण चित्रपट जमिनीवर राहतो तो गौरीबाईंमुळं. आवली घरात दाणा नाही म्हणते तेव्हा कुठं आपल्याला नवऱ्याच्या वैराग्याची किंमत कळते. शेवटी तो वैकुंठाला जातो आणि ती पोरांसकट मागं राहते. भूमिकेचं नाव सहायक, पण हिला वगळलं तर उरते फक्त चमत्कारांची माळ. पुढं १९४१ च्या ‘संत सखू’मध्ये हंसा वाडकरांच्या सखूला छळणारी सासू गौरीबाईंनीच केली, आणि तिथं त्याच खणखणीत आवाजाचा जाच झाला. प्रभातचे मालक, दिग्दर्शक, गायक यांच्यावर ग्रंथ निघाले. गौरीबाईंचं श्रेयनामावलीत आडनावही नाही.

एक झाडलोट करणारी बाई आणि एक बर्लिनमध्ये शिकलेली बाई. दोघींच्या मधे जवळपास ऐंशी वर्षं आहेत. दोघी ज्या आवारात शिरल्या तिथं त्यांची जागा आधीपासून ठरलेली होती. एकीसाठी ती झाडूपाशी होती, दुसरीसाठी क्लबच्या गर्दीत. तिथून पुढं त्या गेल्या त्या निव्वळ कामाच्या बळावर. त्यांनी नायिका व्हायचा अट्टहास केला असता तर कदाचित दोघीही बाहेर फेकल्या गेल्या असत्या. मिळालेल्या पात्राला पूर्ण माणूस करणं त्यांनी केलं, आणि मला त्याचा आदर वाटतो तो यासाठी, की ते करताना टाळ्या दुसऱ्याला मिळणार हे त्यांना ठाऊक होतं.

हे ठाऊक असूनही काम करणाऱ्या बायका आपल्या पट्ट्यातल्या रंगभूमीवर कायम होत्या. कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धांची परंपरा इथं जुनी आहे. कारखान्यांच्या संघांत पुरुष भरपूर, स्त्री-भूमिकेला कुणी नाही. मग बाहेरून अभिनेत्री बोलवायची आणि तिला नाईट, म्हणजे प्रयोगाचं मानधन, द्यायची. ती दुपारी आपली नोकरी किंवा घर सांभाळून पिंपरीच्या अत्रे रंगमंदिरात किंवा चिंचवडच्या रामकृष्ण मोरे प्रेक्षागृहात यायची, दोन तालमींत वेलांट्या-मात्रांसकट संवाद पाठ करायची, आणि फिटर-टर्नर मंडळींच्या नाटकात बायको, आई, सून, डॉक्टर, जे लागेल ते उभं करायची. बक्षीस संघाला, दिग्दर्शनाचं पारितोषिक दिग्दर्शकाला. रात्री उशिरा मिळेल त्या गाडीनं घर गाठायची. २०२४ च्या जानेवारीत शंभरावं अखिल भारतीय मराठी नाट्यसंमेलन पिंपरी-चिंचवडला भरलं, जब्बार पटेल अध्यक्ष होते, शहर झेंड्या-कमानींनी सजलं होतं. त्या शहराला नाटकाची सवय लागली त्यात या बायकांचा वाटा मोठा आहे. त्यांच्या कामाची नोंद करून ठेवावी असं कुणाला तरी वाटायला हवं, आणि ते लवकर वाटायला हवं, कारण त्यांतल्या पहिल्या पिढीतल्या बायका आता खूप थकल्या आहेत.

आणि मला आणखी एक वाटतं. सुझान बर्नर्ट यांनी ग्रीक राणी केली, इटलीत जन्मलेल्या नेत्या केल्या, आणखीही कितीतरी परक्या बायका केल्या. आपल्या चाकणमध्ये घडणाऱ्या गोष्टीत त्यांच्यासाठी एक जर्मन बाई लिहिली जावी. व्होल्फ्सबुर्गहून क्वालिटीचं काम बघायला तीन वर्षांसाठी आलेली, चाळिशीतली. तिच्या हाताखाली खेडचा एक डिप्लोमा इंजिनिअर, जो क्लास लावून जर्मन शिकलाय आणि वाक्याच्या शेवटचं क्रियापद विसरतो. तिच्या घरी काम करायला येणारी कुरुळीची मावशी, जिची जमीन एमआयडीसीत गेली आणि जिचा मुलगा त्याच कंपनीत कंत्राटी आहे. त्या मावशीला तिनं आधी ‘तुम्ही’ म्हणायचं की ‘तू’, हे तिला कळत नाही. जर्मनमध्येही हे दोन्ही आहेत, त्यामुळं चुकलं की तिला ते बोचतं. कारखान्यात लाइन थांबते, नोकरकपातीची यादी येते, आणि त्या यादीवर सही तिची लागणार असते. मावशीच्या मुलाचं नाव त्यात आहे.

या भूमिकेत परकेपणा वेशभूषेतून आणावा लागणार नाही, आणि मराठी वाक्यं त्या स्वतःच्या आवाजात म्हणतील. ती लिहायला मुंबईचा लेखक कशाला हवा? इथल्या एकांकिका स्पर्धांमध्ये दर वर्षी नवी पोरं उतरतात, त्यांतल्या काहींचे आईबाप त्याच बसगाड्यांतून रोज कामावर जातात. त्यांनी लिहावी. मावशीचं काम इथल्याच एखाद्या नाईटवर काम केलेल्या बाईंना द्यावं. त्या दोघींचा स्वयंपाकघरातला प्रसंग, यादी टेबलावर आणि मावशी भाकरी थापतेय, हा ज्या दिवशी लिहून होईल त्या दिवशी मला वाचायला पाठवावा.